झिंगराजींचा डेबू



स्मरणिकेसाठी प्रत्येकीने काहीतरी लिहून द्यावे असे अध्यक्षाबाईंनी सांगितले, तेव्हा मी अनारशांची कृती देईन असे म्हटले होते. माझे शिक्षण सातवीपर्यंतचे. लेखणीशी संबंध म्हणजे किराण्याची यादी आणि बचत गटाची वही, एवढाच. पण श्री गाडगेबाबांवर लेख हवा असा विषय निघाला आणि ज्या त्या स्वच्छतेविषयी बोलू लागल्या, तेव्हा मला राहवेना. बाबांचा खराटा सर्वांना ठाऊक आहे. तो हाती येण्यापूर्वी त्यांच्या घरात काय घडले, ते फारसे कोणी सांगत नाही. थोडेफार तसेच माझ्या माहेरीही घडले. म्हणून हे धाडस. चुकले तर सांभाळून घ्यावे.

आपल्या इस्लापुराहून सहस्रकुंडाला गेलो की धबधब्याच्या पलीकडे यवतमाळ जिल्हा दिसतो. तिथून वऱ्हाड सुरू होतो. त्याच वऱ्हाडात, अमरावती जिल्ह्यातील शेंडगाव येथे २३ फेब्रुवारी १८७६ रोजी परटाच्या घरी एक मुलगा जन्मला. नाव डेबूजी, आडनाव जानोरकर. वडील झिंगराजी, आई सखूबाई. घर खाऊनपिऊन सुखी होते असे चरित्रकार लिहितात. झिंगराजी कष्टाळू होते, माणूस म्हणून वाईट नव्हते. हे मी मुद्दाम लिहीत आहे. दारू पिणारा म्हटला की आपण राक्षसच डोळ्यांपुढे आणतो. पण पुष्कळदा तो चांगला माणूसच असतो आणि म्हणूनच घरच्यांना आवरता येत नाही.

झिंगराजींना संगतीने नाद लागला. आधी सणावाराला, मग बाजाराच्या दिवशी, मग रोज. होते ते विकले गेले आणि शेवटी शरीर गेले. १८८४ साली ते वारले, तेव्हा डेबू अवघा आठ वर्षांचा होता. मरणापूर्वी त्यांना फार पश्चात्ताप झाला आणि पोराला या वाटेला जाऊ देऊ नकोस असे त्यांनी सखूबाईंना बजावले, असे सांगतात. सखूबाई पोराचा हात धरून माहेरी, मूर्तिजापूर तालुक्यातील दापुऱ्याला, भावाच्या आश्रयाला गेल्या.

हे पहिल्यांदा वाचले तेव्हा पुस्तक मिटून मी बराच वेळ ओट्याशी उभी राहिले. माझे वडील आडतीवर हमाली करीत. पाठीवर शंभर किलोचे पोते सहज घेत. संध्याकाळी हातात मजुरी पडली की पाय घराकडे वळण्याआधी दुसरीकडे वळत. आईच्या पायातले चाळ गेले, मग दोन एकर रान गहाण पडले. मी सातवी पास झाले त्या उन्हाळ्यात त्यांचे डोळे पिवळे झाले आणि पोट घागरीसारखे फुगले. दवाखान्यात सुईने पाणी काढीत, चार दिवसांत ते पुन्हा भरे. जलोदर हा शब्द मी तेव्हा शिकले. आठवीचे पुस्तक मात्र घरात आले नाही, कारण आईबरोबर कापूस वेचायला दुसरा हात हवा होता. वडील त्याच दिवाळीच्या आधी गेले. त्यांना बेचाळीस वर्षे पुरी नव्हती. आज मी त्यांच्याहून मोठी आहे.

यकृत म्हणजे काळीज बिघडते, एवढेच आपल्याला माहीत असते. पण जागतिक आरोग्य संघटनेच्या हिशेबाप्रमाणे २०१९ या एका वर्षात जगभरात सुमारे २६ लाख माणसे दारूपायी दगावली आणि त्यांत २० लाख पुरुष होते. क्षय, पक्षाघात, वाहनांचे अपघात, मारामाऱ्या, आत्महत्या हे सर्व त्यात येते. दारूने कर्करोग होतो हे शास्त्रज्ञांनी १९८८ सालीच ठरवून टाकले. थोडी घेतलेली चालते असे पूर्वी डॉक्टरही म्हणत, पण २०२३ साली याच संघटनेने अगदी थोडी दारूही निर्धोक नाही असे जाहीर केले. झिंगराजींच्या वेळी यातले काहीच ठाऊक नव्हते. सखूबाईंना मात्र सर्व समजले होते.

आता दापुऱ्याची गोष्ट. डेबू मामांची गुरे राखू लागला, पुढे शेती करू लागला. अंगमेहनतीला वाघ. रात्री भजनात गोड गळ्याने गाई. मामा चंद्रभानजी शेतीत पुढारलेले होते, पण अक्षरशत्रू. सावकाराच्या कागदावर काय लिहिले आहे हे न समजता अंगठे उठत गेले आणि चांगली जमीन कर्जात बुडाली. त्या धक्क्याने मामाही गेले. सावकार जमिनीचा ताबा घ्यायला आला तेव्हा तरुण डेबूजी एकटे आडवे गेले, अशी हकीकत आहे. म्हणजे पाहा, बापाच्या घरी दारूने काय होते ते त्यांनी पाहिले आणि मामाच्या घरी अडाणीपणाने काय होते ते पाहिले. पुढे पन्नास वर्षे गावोगाव त्यांनी जे सांगितले, ते सगळे या दोन घरांत शिकलेले होते. शाळेत ते कधी गेले नाहीत.

डेबूजींचे लग्न झाले, पत्नीचे नाव कुंताबाई. पहिली मुलगी झाली आणि बारशाचा दिवस आला. त्या काळी अशा प्रसंगी भाऊबंदांना मटण आणि दारू द्यायचीच अशी रीत होती. एकाच जातीत होती असे नव्हे, कमीजास्त सगळीकडेच होती, आजही आहे. कर्ज काढावे पण पंगत चुकवू नये. डेबूजींनी भाऊबंदांना बोलावले आणि पानात गोडधोड वाढले. दारूचा थेंब नाही, बोकड नाही. पाहुणे चिडले. बापाने पाजून पाजून घर घालवले त्याच्या पोराने पाजायचे नाही म्हणावे, हे लोकांना शहाणपण वाटले नाही, कंजूषपणा वाटला. डेबूजी बधले नाहीत.

मला बाबांच्या चरित्रात हा प्रसंग सर्वांत मोठा वाटतो. पुढे त्यांनी लाखोंसमोर कीर्तने केली, मंत्री त्यांच्या पाया पडले, पण ते सगळे परके लोक. स्वतःच्या दारात, स्वतःच्या चुलत्या-मेहुण्यांसमोर नाही म्हणणे फार कठीण असते. दोन वर्षांपूर्वी आमच्या घरी पुतण्याचे जावळ होते. मी बाबांचे उदाहरण मनात धरून म्हटले की या घरात बाटली येणार नाही, आली तर मी चुलीला हात लावणार नाही. बाटली घरात आली नाही. पुरुषमंडळी रानात जाऊन पिऊन आली, दोघे वाटेत मोटारसायकलवरून पडले आणि तो दोषही माझ्याच माथी आला, की घरात बसू दिले असते तर पडले नसते. मोठे भाऊजी तेव्हापासून माझ्याशी बोलत नाहीत. असो.

१ फेब्रुवारी १९०५ रोजी भल्या पहाटे डेबूजींनी घर सोडले. अंगावर चिंध्या, हातात काठी आणि एक फुटके गाडगे. त्याच गाडग्यात भाकरी मागायची, त्यातच पाणी प्यायचे, ऊन लागले की तेच डोक्यावर पालथे घालायचे. म्हणून लोक गाडगेबाबा म्हणू लागले. मागे वृद्ध आई, पत्नी आणि लेकरे राहिली. बाबांविषयी माझ्या मनात फार आदर आहे, तरी खरे लिहिते, की इथे माझे मन अडखळते. सखूबाईंचा नवरा दारूने नेला आणि कुंताबाईंचा जगाच्या सेवेने. बाईच्या बाजूने पाहिले तर चूल दोघींनाही एकटीनेच पेटवावी लागली. पुढे धर्मशाळा उभ्या राहिल्या तरी घरच्यांनी झोपडीत राहून कष्टाचेच खावे असा बाबांचा दंडक होता. कुंताबाईंवर कोणी स्वतंत्र लेख लिहिला तर मी तो आधी वाचीन.

बाबा गावात शिरत ते खराट्यासह. दिवसभर रस्ते, गटारे झाडीत आणि रात्री त्याच स्वच्छ केलेल्या जागेवर कीर्तन करीत. त्यांचे कीर्तन इतरांसारखे पोथीतले नव्हते. ते लोकांना प्रश्न विचारीत आणि उत्तर लोकांकडूनच वदवून घेत. दारू पिऊन कोणाचे भले झाले आहे का, कर्ज काढून देवाला नवस फेडला तर देव जेवतो का, बोकड कापल्याने मूल बरे होते का. समोरचा समाज नाही नाही म्हणून ओरडे. मग ते हिशेब मांडीत. दारूचे पैसे वाचवा, बायकोला लुगडे थोडे हलके घ्या, जेवायला ताट नसले तर भाकरी हातावर घेऊन खा, पण पोराला शाळेत घाला, असे त्यांचे सांगणे असे. बायकोचे लुगडे हलके घ्या हे मला पूर्वी खटकत असे. पण ज्याने बायकोचे दागिने दारूत गेलेले पाहिले आहेत, तो लुगड्याची किंमत जाणूनच बोलत होता.

त्यांच्याप्रमाणे हिशेब करून पाहण्याची मला सवय लागली आहे. रोजचे शंभर रुपये दारूत गेले तर महिन्याला तीन हजार आणि वर्षाला साडेछत्तीस हजार होतात. एवढ्यात मुलीचे कॉलेजचे वर्ष निघते. २०२४ साली लाडकी बहीण योजना सुरू झाली आणि आपल्यापैकी पुष्कळजणींच्या खात्यात महिन्याला दीड हजार आले. माझ्या शेजारणीच्या घरातून दारूवर त्याच्या दुप्पट जातात. सरकारने एका हाताने दिले ते दुसऱ्या हाताने परत नेले म्हणायचे, वर पंधराशे आमच्याच पदरचे.

हा परत नेण्याचा प्रकार नवा नाही. डेबूजींच्या लहानपणी दारू विकण्याचा हक्क इंग्रज सरकार लिलावाने ठेकेदाराला देई. जास्त बोली त्याला ठेका, म्हणजे ज्याला जास्त पाजता येईल त्याला ठेका. आपल्या निजामाच्या मुलखातही तेच. आपला भाग १९५६ पर्यंत आदिलाबाद जिल्ह्यात होता. शिंदी आणि मोहाच्या दारूचे गुत्ते असत, आणि आबकारीचे उत्पन्न निजामाच्या खजिन्याचा एक मोठा आधार होता. इथल्या गोंड, कोलाम, आंध लोकांत मोहाला देवकार्यात मान आहे. चैत्रात पहाटे मोहफुले वेचणाऱ्या बायकांना त्याचा अन्न म्हणूनही आधार असतो. पण देवापुढचा तो थेंब वेगळा आणि गुत्तेदाराच्या दुकानातली उधारी वेगळी. १९४७ साली हैदराबाद संस्थान मुक्त करण्यासाठी आंदोलन पेटले तेव्हा मराठवाड्यातल्या लोकांनी कुऱ्हाडी घेऊन शिंदीची झाडे तोडण्याचा सत्याग्रह केला. झाड पडले की निजामाचे उत्पन्न पडते, हे त्या साध्या शेतकऱ्यांनी ओळखले होते. शाळेत मुक्तिसंग्राम शिकवतात त्यात ही गोष्ट जरा मोठ्या अक्षरात असावी असे मला वाटते.

स्वराज्य आले. राज्यघटनेच्या ४७ व्या कलमात सरकारने दारूबंदीसाठी प्रयत्न करावा असे लिहिले गेले. मुंबई राज्याचा दारूबंदी कायदा १९४९ सालचा. गंमत अशी की महाराष्ट्रात तोच कायदा अजून चालतो, नावात अजून दारूबंदी आहे आणि त्याच्या खाली राज्याला वर्षाला २० हजार कोटींच्या वर उत्पन्न मिळते. २००७ साली ज्वारीसारख्या धान्यापासून दारू करणाऱ्या कारखान्यांना राज्याच्या धोरणाने उत्तेजन दिले, त्यावर फार वाद झाला. २०१६ च्या एप्रिलात लातूरला मिरजेहून आगगाडीने पाणी आणले, हे तर आपल्या डोळ्यांदेखत झाले. माझी बहीण लातूरला असते, ती रात्री दोन वाजता घागर घेऊन रांगेत उभी असे. त्याच महिन्यात तेव्हाच्या औरंगाबादेतील दारूच्या कारखान्यांचे पाणी कमी करावे म्हणून उच्च न्यायालयाच्या खंडपीठाला हुकूम द्यावा लागला. न्यायालयात जाईपर्यंत ते कोणाला सुचले नव्हते.

एका बाजूचेच सांगू नये. या धंद्यावर हजारो लोकांचे पोट आहे. मळीला भाव मिळतो म्हणून उसाचे कारखाने तग धरतात, असे आमच्याच नात्यातील एक जण सांगतात, ते अशाच कारखान्यात आहेत. बंदी घातली की चोरटी दारू वाढते, हेही खोटे नाही. मुंबईत मालवणीला जून २०१५ मध्ये विषारी दारूने शंभराहून अधिक माणसे मेली. चंद्रपूर जिल्ह्यात बायकांनी लढून २०१५ साली बंदी आणली, ती २०२१ साली उठली. पण उत्पन्नाच्या वहीत एक बाजूच लिहिलेली असते. माझ्या वडिलांच्या पोटातले पाणी काढण्याचा खर्च, दोन एकर रान आणि माझी आठवी त्या वहीत कुठल्या पानावर आहे, ते मला कोणी दाखवावे.

बाबांनी सरकारची वाट पाहिली नाही. कीर्तनात जमलेल्या पैशाला स्वतः हात न लावता त्यांनी पूर्णेकाठी ऋणमोचनला घाट बांधविला, नाशिक, आळंदी, पंढरपूर येथे धर्मशाळा उभ्या केल्या. पंढरपूरची धर्मशाळा चोखामेळ्याच्या नावाने होती, जिला विठोबाच्या दारी जागा नव्हती त्या मंडळींसाठी. पुढे १९४९ साली ती त्यांनी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या शिक्षणसंस्थेला देऊन टाकली. १९५४ साली मुंबईत जे. जे. रुग्णालयातील रोग्यांच्या नातेवाइकांसाठी धर्मशाळा झाली. दवाखान्याच्या पायरीवर गोधडी टाकून ज्याने रात्री काढल्या आहेत त्यालाच या धर्मशाळेचे मोल कळेल. माझ्या आईने अशा सोळा रात्री काढल्या होत्या.

१९२३ साली त्यांचा एकुलता मुलगा गोविंदा गेला. निरोप आला तेव्हा बाबा कोकणात कीर्तनात उभे होते. त्यांनी कीर्तन थांबविले नाही. लोक याला वैराग्य म्हणतात. कुंताबाई काय म्हणाल्या ते कोणी लिहिलेले नाही.

त्यांनी कोणाला शिष्य केले नाही, पायांवर डोके ठेवू दिले नाही. ठेवायला आला की काठी उगारीत. १९५६ च्या ६ डिसेंबरला आंबेडकर गेले, त्याचे बाबांना अतोनात दुःख झाले. आधीच प्रकृती खालावलेली होती. त्यानंतर दोनच आठवड्यांनी, २० डिसेंबर १९५६ रोजी, अमरावतीला नेत असताना वलगावजवळ पेढी नदीच्या काठी गाडीतच त्यांनी देह ठेवला. ऐंशी वर्षांचे आयुष्य. जवळ स्वतःचे म्हणावे असे गाडगे, काठी आणि चिंध्या.

आपल्या मंडळात दर वर्षी २० डिसेंबरला आपण देवळापुढचे आवार झाडतो, ते चालू राहावेच. गेल्या बैठकीत गावातील स्त्रियांच्या सह्या गोळा करण्याचा विषय निघाला होता. २००८ च्या नियमाप्रमाणे गावातील २५ टक्के स्त्री मतदारांनी सहीने मागणी केली तर दुकान बंद करण्यासाठी मतदान घेता येते, आडवी बाटली आणि उभी बाटली अशा चिन्हांवर. कागद माझ्याकडे आहे. त्यावर आतापर्यंत अकरा सह्या आहेत. नवऱ्याला कळेल म्हणून तिघींनी सही करून पुन्हा खोडली. मी त्यांना नावे ठेवीत नाही. माझ्या आईनेही खोडली असती.

दुसरे म्हणजे माझी मोठी मुलगी पहिलटकरीण म्हणून माहेरी आली आहे, देवाच्या कृपेने माघात बारसे आहे. पुरणपोळी, कटाची आमटी आणि भजी करण्याचे ठरविले आहे. आमंत्रण मोठ्या भाऊजींनाही पाठविले आहे, मुलीच्या हाताने. आपण सर्वजणींनी यावे. कागदही तिथेच, देवघराशेजारच्या फळीवर, पेनासकट ठेवलेला असेल.